बंदरातली छोटी इंजिनं: वाचकांच्या प्रश्नांना उत्तरं

अलीकडच्या पत्रांत एकच गोंधळ फिरून फिरून येतो आहे. ठेंगणं वाफेचं इंजिन दिसलं की ते 'मुरगाव बंदरातलं', आणि ते अजून उभं आहे म्हणजे पेटवताही येईल. दोन्ही समजुती चुकीच्या, आणि दुसरी जिवावर बेतणारी. म्हणून काही प्रश्न इथे एकत्र घेतले आहेत.

गोदीतली इंजिनं एवढी आखूड का असत? ताकद कमी पडत नसे? (फोंडा)

धक्क्यावरचे रूळ गोदामांच्या कोपऱ्यांवरून फार कमी जागेत वळतात. लांब इंजिन तिथे रुळावरून उतरतं. म्हणून बहुतेक चारच चाकं, तीही जवळजवळ, सिलिंडर बाहेरच्या अंगाला, आणि बऱ्याच इंजिनांत पाण्याची टाकी बॉयलरच्या पाठीवर बसवलेली. त्यामुळे चाकांच्या बाजू मोकळ्या राहत, तेल घालायला सगळं हाताशी येई आणि पाण्याचं वजनही ओढणाऱ्या चाकांवरच पडे. चाकं लहान, त्यामुळे वेग बेताचा, पण जोर भरपूर. बंदरात वेग हवाय कुणाला? या रचनेची एक खोड मात्र होती. बॉयलरच्या धगीने टाकीतलं पाणी तापे, आणि तापलेलं पाणी इंजेक्टर (बॉयलरमध्ये पाणी ढकलणारं साधन) नीट उचलत नसे. फायरमनच्या शिव्या बहुधा त्यासाठीच खर्ची पडत.

इंग्लंडमध्ये लँकेशायर अँड यॉर्कशायर रेल्वेने लिव्हरपूल, गूल अशा बंदरांसाठी 1891 ते 1910 या काळात अशी 57 इंजिनं बांधली. लंडन अँड साउथ वेस्टर्न रेल्वेची बी-4 वर्गातली 25 इंजिनं 1891 ते 1908 मधली. त्यांतली अनेक साउथॅम्प्टनच्या गोदीत होती आणि त्यांना नॉर्मंडी, गर्न्सी अशी नावं होती. या बी-4 ना टाक्या पाठीवर नव्हत्या, बाजूला होत्या. तेव्हा केवळ टाकीवरून इंजिनाचं मूळ ठरवू नका.

मुरगावला आधी बंदर की आधी रेल्वे? (सावर्डे)

एकाच योजनेत दोन्ही. 1878 च्या इंग्रज-पोर्तुगीज करारातून ही योजना निघाली, आणि मुरगाव ते कॅसलरॉक हा वेस्ट ऑफ इंडिया पोर्तुगीज रेल्वेचा मार्ग 1888 पर्यंत पुरा झाला. 1902 पासून तो सदर्न मराठा रेल्वेने चालवला. मार्ग मीटर गेजचा होता. ब्रॉड गेज आलं नव्वदच्या दशकात.

हे मुद्दाम सांगतोय. कुणी 'मुरगावचं इंजिन' म्हणून काही दाखवलं, तर आधी टेप काढा. समोरासमोरच्या दोन चाकांच्या आतल्या बाजूंमधलं अंतर एक मीटरपेक्षा थोडं कमी भरायला हवं. दीड मीटरच्या वर किंवा दोन-अडीच फूट भरलं, तर विकणाऱ्याला नमस्कार करून घरी या. माप जुळलं तरी सिद्ध काहीच होत नाही, कारण मीटर गेज देशभर होतं. पुढचा निकाल कागद बघणाऱ्या जाणकाराकडूनच घ्या.

म्हापशाच्या बाजारात एकाकडे पितळी पाटी आहे. 'मुरगाव हार्बर इंजिन, 1884' असं कोरलंय. पस्तीस हजार मागतोय. घेऊ का? (डिचोली)

नको. कारखान्याच्या पाटीवर कारखान्याचं नाव, त्याचं गाव, कारखान्याचा अनुक्रमांक आणि साल असतं. ब्रिस्टलची पेकेट, लीड्सची हन्स्लेट, किल्मार्नॉकची अँड्र्यू बार्कले, या सगळ्यांची रीत साधारण हीच. अनुक्रमांक कारखान्याच्या नोंदीशी ताडून पाहता येतो, म्हणून तर नकली पाटीवाले तो टाळतात. 'हार्बर इंजिन' असं पाटीवर ओतायला कारखानदाराला काय वेड लागलं होतं?

खऱ्या पाटीचा साचा करून ओतलेली नक्कल थंड होताना आकसते, त्यामुळे मूळ पाटीपेक्षा किंचित लहान भरते. अक्षरांच्या कडा बोथट असतात, आणि हिरवा गंज सगळीकडे सारखा, कारण तो आम्लाने आणलेला असतो. पुढून-मागून फोटो काढा, मापं घ्या, नोंदी जवळ असलेल्या माणसाला दाखवा, मग पैशाचं बोला. आणि पाटी खरीच निघाली तर विक्रेत्याकडे लिलावाची पावती मागा. रेल्वेची मालमत्ता बेकायदा बाळगणं 1966 च्या कायद्याने गुन्हा आहे. पावती वकिलाला दाखवून घ्या.

1943 मध्ये बुडालेल्या एरेनफेल्स या जर्मन जहाजातून काढलेलं इंजिन बंदरात शंटिंगला होतं असं आमच्याकडे सांगतात. (बायणा)

'सांगतात' हा पुरावा नव्हे. 9 मार्च 1943 च्या रात्री एरेनफेल्सवर हल्ला झाला आणि बंदरातली उरलेली जहाजं त्यांच्याच खलाशांनी बुडवली, इतकं खरं. जहाजाचं इंजिन रुळावर चालत नाही. कागद असेल तर पाठवा, नाहीतर हा विषय इथेच सोडा.

आग नसलेलं वाफेचं इंजिन असतं का? (मडगाव)

असतं. कोठारांत ज्वालाग्राही माल असला की ठिणगी चालत नाही, तिथे ते वापरत. बॉयलरच्या जागी जाड टाकी असते. कारखान्याच्या मोठ्या बॉयलरमधून तिच्यात गरम पाणी आणि वाफ दाबाने भरायची. वाफ वापरली की टाकीतला दाब उतरतो आणि सोड्याची बाटली उघडल्यावर बुडबुडे यावेत तशी आतल्या पाण्यातून आणखी वाफ सुटते. त्यावर काही तास काम निघे. दाब उतरत जातो म्हणून सिलिंडर मोठे असत.

आमच्या जागेत खाणीच्या काळापासून एक छोटं इंजिन उभं आहे. ओळखीच्या मेकॅनिकने कॉम्प्रेसरने हवा भरून पाहिली, पाच किलोपर्यंत दाब टिकला. 19 डिसेंबरला, गोवा मुक्तिदिनी, थोडी वाफ करून नुसती शिटी वाजवली तर चालेल? (कुडचडे)

नाही. आणि त्या मेकॅनिकला पुन्हा इंजिनाच्या जवळ येऊ देऊ नका.

बॉयलरची चाचणी पाण्याने करतात, हवेने नव्हे. पाणी दाबलं तरी फारसं आकुंचन पावत नाही, म्हणून पत्रा फाटला तर पाणी गळतं आणि गोष्ट तिथेच संपते. हवा दाबली की तिच्यात ऊर्जा साठते, आणि पत्रा फाटला तर तिथे उभा असलेला माणूस उरत नाही. तुमचा मेकॅनिक वाचला हे त्याचं नशीब. त्याचं कौशल्य नव्हे.

पाच किलो दाब टिकला म्हणजे बॉयलर चांगला, हेही खोटं. थंड पत्रा आणि तापलेला पत्रा यांत फरक आहे. आगीच्या पेटीच्या आतल्या आणि बाहेरच्या भिंती शेकडो आडव्या खिळ्यांनी एकमेकींना धरलेल्या असतात. त्यांतले काही तुटले तरी बाहेरून दिसत नाही. तळाच्या चौकटीजवळ पत्रा खोबणीसारखा खाल्ला जातो. आपल्या खाऱ्या हवेत आणि चार महिन्यांच्या पावसात उभ्या राहिलेल्या लोखंडाचं आतून काय झालंय, ते जाडी मोजल्याशिवाय कळत नाही. आणि 'थोडी वाफ' असा काही प्रकार नसतो. दहा किलो दाबाला पाणी 180 अंशांच्या वर तापलेलं असतं. पत्रा फुटला की त्यातला सहावा-सातवा हिस्सा क्षणात वाफ होतो, आणि एक लिटर पाण्याची वाफ सतराशे लिटरच्या आसपास जागा मागते. शिटी ऐकायला जमलेली पोरं कुठे उभी असतील, याचा विचार करा.

अजून एक. बॉयलरवरच्या पत्र्याच्या आवरणाखाली पांढरट भुसा दिसला तर हात लावू नका, झाडू नका. जुन्या इंजिनांत तो बहुतेक वेळा अॅस्बेस्टॉस असतो. सुकलेला भुसा हवेत उडाला की फुप्फुसात जातो, आणि त्याचा आजार वीस-तीस वर्षांनी दिसतो. तेव्हा मेकॅनिकचा पत्ता कुणाला आठवणार?

पणजीत आल्तिन्होवर कारखाने व बाष्पक (बॉयलर) निरीक्षणालय आहे. तिथे आजच लेखी अर्ज करा, पुढच्या वर्षी नको. निरीक्षक आत उतरून पाहील आणि चाचणीचा दाबही तोच ठरवील. तोवर 19 डिसेंबरला इंजिन रंगवून फुलांचा हार घाला, शिटी स्पीकरवर वाजवा.

रंग काढून मूळ रंग शोधू का? (पेडणे)

घासू नका. जुन्या रंगात शिसं असतं. संवर्धनाचं काम जाणणाऱ्याला विचारून एका छोट्या कोपऱ्यात थर तपासून घ्या.

डिझेलने ही इंजिनं का हटवली? (वास्को)

वाफ करायला तासन् तास जातात, काम नसताना कोळसा जळतो, आणि इंजिनावर दोन माणसं लागतात. डिझेल कळ दाबली की सुरू. साउथॅम्प्टनने युद्धानंतर अमेरिकन लष्कराची जुनी टाकी-इंजिनं आणली, आणि 1962 मध्ये रस्टन कंपनीची 14 डिझेल इंजिनं.

अशी इंजिनं आज चालताना कुठे दिसतील? (साखळी)

ब्रिस्टलच्या बंदर संग्रहालयात 1917 चं पोर्टबरी आणि 1937 चं हेनबरी. वाफेवर ती ठरावीक दिवशीच काढतात, तेव्हा तिकीट काढण्याआधी त्यांना विचारा.