पंपाचं चाक एवढ्या घाईत का फिरतं?

प्रश्न : आमच्या कॉलेजच्या फिल्म क्लबात खोल पाण्यात उतरणाऱ्या पाणबुड्या माणसांवरचा एक जुना इटालियन मूकपट पाहिला, दहा मिनिटांचाही नसेल. माणसं मुंग्यांसारखी तुरुतुरु पळत होती, सगळे हसले. शेवटी समुद्राचा तळ दाखवला. त्या काळी कॅमेरा पाण्याखाली नेत असत का?
— एक वाचक, अमळनेर

उत्तर : हसू आलं ते मशीनमुळे. सारंगखेड्याच्या यात्रेत मी तंबूतल्या टॉकीजचं मशीन चालवायचो. एकदा मालकानं कुठून तरी मूकपटाचं रीळ आणलं, आणि पुढे बसलेले एक बाबा ओरडले, "हाऊ काय पळी ऱ्हायना रे भो!" मूकपटाचा कॅमेरा हातानं फिरवायचे, सेकंदाला साधारण १६ चित्रं. बोलपटाचं मशीन २४ ओढतं. म्हणजे सगळं दीडपट वेगात.

इतर सिनेमात हे चालून जातं. पाणबुड्याच्या सिनेमात मात्र नेमकी मोक्याची गोष्ट, म्हणजे संथपणा, हातची जाते. त्या काळी पाणबुड्याच्या अंगावर तांब्याचं शिरस्त्राण, छातीला शिसं, शिशाच्याच तळाचे बूट. सगळं मिळून ८० किलोच्या आसपास. ज्वारीचं पोतं पाठीवर घेऊन चालणारा हमाल कधी पळताना पाहिलाय? आणि नळीतून त्याला हवा मिळायची ती वर होडीत हातपंपाचं चाक फिरवणाऱ्यांकडून. त्यांचा हात थांबला की खालच्याचा श्वास अडला. ते चाक संथ, एका लयीत फिरायचं. तुम्हाला ते ऊसाच्या चरकासारखं गरगर दिसलं असेल. शेजारी पाणबुड्याचा दोर धरून एक जण असायचा. त्यानं एक हिसका दिला की "ठीक आहेस ना?", आणि खालून एक हिसका आला की "ठीक आहे". आपल्याकडे विहिरीचा गाळ काढायला उतरणाऱ्याच्या कमरेलाही दोर असतोच.

आता तळाचं. पाण्याखालचा खराखुरा सिनेमा १९१४ मध्ये विल्यमसन बंधूंनी बहामा बेटांजवळ काढला. पोलादी नळीच्या टोकाला खोली, तिला काचेची खिडकी, आत कॅमेरा. तुमचा मूकपट त्याआधीचा असेल, तर तळ बहुतेक स्टुडिओतला. फ्रेंच दिग्दर्शक मेलिएसनं १८९८ मध्येच पाणबुडे दाखवताना कॅमेऱ्यापुढे माशांची काचपेटी ठेवली होती. मासे माणसापेक्षा थोराड दिसले, तर समजा पेटी आहे. मला ही लबाडी आवडते, पण होडीवरचा भाग जास्त खरा.

क्लबच्या मुलांना सांगा, कॉम्प्युटरवर वेग दोन तृतीयांश करा. मग पुन्हा बघा, आणि नजर पाणबुड्यावर न ठेवता चाकावर ठेवा.