किती वाजता नेलं ते आधी विचार

अगं,

काल तुझा फोन आला तेव्हा ताटावर बसलो होतो, नीट बोललो नाही. "सर, पोरग्याला आज उचललंय, पोलीस म्हणतात अटक नाही, नुसती चौकशी, मग चोवीस तासांचा नियम लागतो काय?"

लागतो की, चोवीस तासांत मॅजिस्ट्रेटपुढे आणायलाच हवं. उठून घरी जायची मुभा नाही म्हणजे तो ताब्यातच आहे. जानेवारी २०२५ ला सुप्रीम कोर्टाने ईडीच्या एका केसमध्ये हेच धरलं, दिल्ली विमानतळावर सकाळी अकराला ताब्यात घेतलेला माणूस, कागदावर अटक रात्री सव्वा एकची आणि कोर्टात आणला दुसऱ्या दिवशी दुपारी तीनला. कोर्टाने घड्याळ अकरापासून मोजलं, हा चोवीस तासांचा नियम जिथे आहे त्या घटनेच्या कलम २२(२) चा भंग धरला आणि बेल कायम ठेवला.

प्रवासाचा वेळ तेवढा वजा होतो. रविवार, बंदोबस्त, साहेब रजेवर, असलं काही होत नाही, सुट्टी असली तर मॅजिस्ट्रेटच्या घरी नेतात. आणि आपल्या बॉर्डरवर ती एक पळवाट असते बघ, केस चंदगडची, पकडला बेळगावात, मग "इथल्या कोर्टाला हद्द नाही" म्हणत दिवस काढायचा. फौजदारी प्रक्रियेचा नवा कायदा बीएनएसएस, त्याच्या कलम ५८ मध्ये (आमचं जुन्या सीआरपीसीचं ५७, १ जुलै २०२४ ला नंबर बदलला) आता सरळ लिहिलंय, मॅजिस्ट्रेटला हद्द असो वा नसो. गुंडा ॲक्टसारखी प्रतिबंधक स्थानबद्धता (पुढे काही करेल म्हणून आधीच आत ठेवणं) असली तर मात्र हिशोब वेगळा, ते आधी बघून घे.

माझी फजिती सांगतो. खानापूरकडची केस, मी नवीन, कोर्टात २२(२) वर तावातावाने बोललो, मॅजिस्ट्रेटनी एवढंच विचारलं, किती वाजता नेलं? मी आईकडे बघितलं, ती म्हणाली, "दिवेलागणीला." अटकेच्या मेमोवर दुसऱ्या दिवशीचे सकाळचे नऊ. रिमांड झाला, म्हणजे कोर्टाने कोठडी दिली. नंतर घरी खुंटीवरच्या शर्टाच्या खिशात डेअरीची पावती मिळाली, आदल्या संध्याकाळची, वेळ छापलेली, दूध घालून आला आणि दारातूनच नेला होता. काय उपयोग, एकदा रिमांड मिळाला की हेबियस कॉर्पस (बेकायदा ताब्यातल्या माणसाला सोडवायचा अर्ज) चालवणं लई जड जातं.

म्हणून तू आत्ता पोराच्या आईला घेऊन बस आणि तासाचा हिशोब काढ, मिस्ड कॉल, गूगल पेचा चहा, शेजारच्या दुकानाचा कॅमेरा, काय मिळेल ते, कॅमेऱ्याचं आधी, पुसलं जातं ते. मग स्टेशनला लेखी अर्ज आणि पोच. पोच देत नसतील तर एसपी ऑफिसला ईमेल टाक, त्याला वेळ आपोआप पडते. स्टेशनला भांडू नको, तेवढ्यात ते कागद तयार करतात.

मेमो मिळाला की भाषा बघ. पोराला कन्नड वाचता येत नाही ना? अटकेची कारणं त्याला समजेल त्या भाषेत लेखी द्यायची, नोव्हेंबर २०२५ चा सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे, आपल्याकडे तर हा मुद्दा रोजचा.

वकालतनाम्यावर आईची सही घेऊन ठेव. दुपारी तीनपर्यंत आणला नाही तर मला फोन कर, हायकोर्टाच्या धारवाड बेंचला कोण उभं राहील ते मी बघून ठेवतो.

— सर