गाडीची पुढची काच तडकली तर इन्शुरन्स क्लेम करावा का? केल्यावर पुढच्या वर्षी प्रीमियम खरंच वाढतो का?

खडा लागून काच तडकली असं तुम्ही लिहिलंय, आणि तुमचा एजंट म्हणतोय ना, "काचेला डेप्रिसिएशन लागत नाही साहेब, कंपनी पूर्ण पैसे देते, बिनधास्त टाका क्लेम", अगदी हेच मलाही सांगितलं होतं आणि मी टाकलाही. डेप्रिसिएशन म्हणजे भाग जुना झाला म्हणून होणारी कपात, ती काचेला नसते, तेव्हा तो खोटं बोलत नाहीये. फक्त अर्धं सांगतोय. उरलेलं अर्धं तुम्हाला रिन्यूअलच्या वेळी कळतं, तेव्हा एजंट फोनवर "सिस्टीममध्ये तसंच दाखवतंय" एवढंच म्हणतो.

माझं काय झालं ते आधी सांगतो, मग तुमच्या गाडीचं बघू. २०२२ च्या पावसाळ्यानंतर इगतपुरी सोडून कसारा घाट उतरत होतो, पुढे खडीचा डंपर, वर ताडपत्री नाही, मी अंतर ठेवलं होतं तरी एक खडा उडाला आणि टक्कन आवाज आला. ड्रायव्हरच्या बाजूला खाली हरभऱ्याएवढा टवका. म्हटलं एवढंसंच आहे, जाऊ दे. दुसऱ्या दिवशी सकाळी थंडी होती, काचेवर धुकं धरलं म्हणून गरम हवा पूर्ण सोडली आणि माझ्या डोळ्यांदेखत त्या टवक्यातून एक रेघ निघाली, सरळ आरशाच्या खालपर्यंत गेली. खरं तर आदल्या दिवशीच टवक्यावर पारदर्शक चिकटपट्टी लावून, धूळ-पाणी आत न जाऊ देता, काचवाल्याकडे गेलो असतो तर त्याने रेझिन भरून हजार-बाराशेत काम संपवलं असतं. पुढची काच लॅमिनेटेड असते, म्हणजे दोन काचांच्या मध्ये प्लास्टिकचा पातळ थर असतो, त्यामुळे वरच्या काचेचा छोटा टवका भरता येतो. रेघ लांब गेली की मग काच बदलण्याशिवाय इलाज नाही.

वर्कशॉपचं बिल झालं जीएसटी धरून ८,६४० रुपये. त्यात काच ६,३५०, भोवतीचं रबर बिडिंग ५४०, सीलंट ७५० आणि मजुरी १,०००. आता "पूर्ण पैसे" कसे मिळतात ते बघा. काचेला डेप्रिसिएशन शून्य, हे खरं, म्हणून काचेचे ६,३५० पूर्ण धरले. बिडिंग रबराचं, त्याला ५० टक्के कापतात, म्हणून २७० धरले. सीलंट कन्झ्युमेबल, म्हणजे एकदाच वापरून संपणारी वस्तू, त्याचा ॲड-ऑन (जादा पैसे भरून घ्यायचं संरक्षण) माझ्याकडे नव्हता, शून्य. मजुरी धरली. या सगळ्यातून कम्पल्सरी डिडक्टिबल, म्हणजे आपण स्वतःच भरायची रक्कम, १,००० वजा, जो १५०० सीसीपर्यंतच्या गाडीला एक हजार आणि वरच्याला दोन हजार असतो, प्रत्येक क्लेमला. मला कंपनीने दिले ६,६२० आणि माझ्या खिशातून गेले २,०२०. मी खूश होतो म्हणजे, साडेआठचं काम दोन हजारात!

मग रिन्यूअल आलं. माझा एनसीबी, नो क्लेम बोनस, म्हणजे क्लेम न केल्याबद्दल प्रीमियममध्ये मिळणारी सूट, ४५ टक्के होता आणि त्या वर्षी ५० व्हायचा होता. तो झाला शून्य. काचेचा क्लेम होता, डंपरवाल्याची चूक होती, रक्कम लहान होती, यातलं काहीही चालत नाही, तुमच्या ओडीमधून (स्वतःच्या गाडीच्या नुकसानीच्या विम्यातून) पैसे घेतले म्हणजे क्लेम झाला, विषय संपला.

इथे लोकांचा एक गोंधळ होतो. एनसीबी पूर्ण प्रीमियमवर नसतो, फक्त ओन डॅमेज म्हणजे ओडीच्या भागावर असतो. थर्ड पार्टीचा, म्हणजे आपल्या गाडीने दुसऱ्याचं नुकसान झालं तर त्यासाठीचा भाग वेगळा, त्याचे दर सरकार ठरवतं, १००० ते १५०० सीसीच्या प्रायव्हेट गाडीला २०२२ मध्ये तो ३,४१६ रुपये ठरला होता, आणि तुम्ही दहा काचा फोडल्या तरी तो हलत नाही. म्हणून "क्लेम केला की प्रीमियम डबल होतो" हेही खोटं आणि "काचेच्या क्लेमने काही फरक पडत नाही" हेही खोटं. डबल होतो तो ओडीचा भाग, तोसुद्धा तुम्ही ५० टक्क्यांवर असाल तर.

माझा एनसीबीआधीचा ओडी ७,२०० होता. ५० टक्क्यांनी ३,६०० भरायचे होते, ते ७,२०० भरले, वर १८ टक्के जीएसटी, म्हणजे एकाच वर्षात ४,२४८ जास्त. मी म्हटलं ठीक आहे, मिळाले ६,६२० आणि गेले ४,२४८, तरी फायद्यातच. पण हे एका वर्षात संपत नाही ना! एनसीबी पुन्हा पहिल्या पायरीपासून चढावा लागतो, २०, २५, ३५, ४५ आणि मग ५०, दर वर्षी एक पायरी, आणि मधे पुन्हा क्लेम झाला की पुन्हा सापशिडीतल्यासारखं खाली.

एका रविवारी मी वही घेऊन बसलो आणि हे सगळं मांडलं. मी क्लेम केला नसता तर पाचही वर्षं ५० टक्के सूट. केल्यामुळे पहिल्या वर्षी शून्य, मग २०, २५, ३५, ४५. फरक अनुक्रमे ५०, ३०, २५, १५ आणि ५. बेरीज १२५ टक्के. म्हणजे त्या एका काचेची किंमत मी माझ्या वर्षाच्या ओडीच्या सव्वापट मोजणार होतो, ७,२०० च्या हिशोबाने ९,००० आणि जीएसटीसकट १०,६२०. आयडीव्ही (विम्यासाठी धरलेली गाडीची किंमत) दर वर्षी उतरतो तसा ओडीही थोडा उतरतो, म्हणून नऊ हजारांच्या आसपास धरा. मिळाले किती, ६,६२०. आणि ओळखीच्या काचवाल्याने हीच काच बाहेर साडेपाचात बसवून दिली असती, हे नंतर त्यानेच मला चहा पाजून सांगितलं.

आता तुमच्यासाठी कामाचा भाग, हीच बेरीज मी प्रत्येक पायरीसाठी केली आहे. तुमच्या आत्ताच्या पॉलिसीवर एनसीबी शून्य छापलेला असेल (नवी गाडी, पहिलं वर्ष) तर एका क्लेमचा एकूण फटका वर्षाच्या ओडीच्या ५० टक्के. २० छापलेला असेल तर ८० टक्के. २५ असेल तर १०५. ३५ असेल तर १२०. ४५ किंवा ५० असेल तर १२५. पुढच्या पाच वर्षांत दुसरा क्लेम होणार नाही असं धरून आहे हे. त्यावर १८ टक्के जीएसटी लावा आणि समोर कंपनीकडून हातात पडणारी रक्कम ठेवा, बिलाची नाही, हातात पडणारी. जे मोठं तिकडे जा.

आणि ओडी म्हणजे पॉलिसीच्या पहिल्या पानावरचा खालचा मोठा आकडा नव्हे हं. आतल्या तक्त्यात "बेसिक ओन डॅमेज" अशी ओळ असते, एनसीबी वजा करण्याआधीची, ती घ्यायची.

याच हिशोबाने कधीकधी उत्तर उलटं येतं. माझ्या साडूची मोठी एसयूव्ही आहे, काचेला रेन सेन्सर आणि आरशामागे तो कॅमेरा, लेन सोडली की टुंग-टुंग करणारा. काच बदलली की तो कॅमेरा पुन्हा कॅलिब्रेट करावा लागतो. बिल आलं ३८,००० च्या वर. त्याचा ओडी १६,००० होता आणि एनसीबी ५०, म्हणजे जास्तीत जास्त फटका २०,००० अधिक जीएसटी, २३,६००. त्याने क्लेम केला आणि बरोबर केलं. त्याला मी वही दाखवल्यावर तो म्हणाला "एवढा हिशोब लग्नात केला असतास तर..." असो.

आणखी एक केस, यात मात्र नुकसान झालं. ऑफिसमधल्या एकाने दिवाळीआधी जुन्या हॅचबॅकच्या काचेचे सातेक हजार क्लेम केले आणि पाडव्याला नवी गाडी घ्यायला शोरूमला गेला. एनसीबी गाडीचा नसतो, माणसाचा असतो, जुनी विकली की तो नव्या गाडीच्या पॉलिसीला लावता येतो. नव्या गाडीचा ओडी होता २८,०००, त्यावर ५० टक्के म्हणजे १४,००० सुटले असते. जुनी गाडी आहे, जाता जाता एक क्लेम मारून घेऊ, असं म्हणाला होता बिचारा. तेव्हा वर्ष-दीड वर्षात गाडी बदलायचा विचार असेल तर वरच्या हिशोबात जुन्या गाडीचा नाही, नव्या गाडीचा ओडी धरा.

उलट, त्याच पॉलिसी वर्षात आधीच एखादा क्लेम झालेला असेल, बंपर वगैरे, तर एनसीबी गेलेलाच आहे, तो दोनदा जात नाही, मग काचेचाही करून टाका. फक्त डिडक्टिबल पुन्हा कापला जाईल आणि झिरो डेप (कुठल्याच भागाला डेप्रिसिएशन न कापणारा ॲड-ऑन) असेल तर त्यात वर्षाला बहुतेक दोनच क्लेम असतात, त्यातला एक काचेवर खर्च होईल, ज्या काचेला झिरो डेपची गरजच नव्हती. जानेवारीत रिन्यूअल झालंय आणि फेब्रुवारीतच हा वापरला तर उरलेलं वर्ष जपून चालवा.

एनसीबी प्रोटेक्ट नावाचा ॲड-ऑन असतो, तो असेल तर वरचं सगळं तुम्हाला लागू नाही, क्लेम करा आणि निवांत राहा. पण किती क्लेमपर्यंत चालतो, कंपनी बदलली तरी चालतो का, हे वर्डिंगमध्ये वाचा. आणि तो रिन्यूअललाच घ्यावा लागतो, काच तडकल्यावर घेऊ म्हटलं तर नाही मिळत. मी आता घेतो. हायवेला महिन्यातून चार फेऱ्या असतात माझ्या.

काही जण सांगतात की कंपनी बदला आणि नव्या कंपनीला "क्लेम नाही" सांगा, एनसीबी मिळतो. कृपया हे करू नका. कंपन्या आधीच्या कंपनीकडून खात्री करून घेतात, आणि समजा तेव्हा निसटलात तरी पुढे मोठा अपघात झाला की तिथे हे उकरून काढतात आणि लाखाचा क्लेम अडकतो. चार हजारांसाठी कशाला ही टांगती तलवार.

आणि इंटरनेटवर "काचेचा क्लेम फ्री असतो" असे व्हिडिओ दिसतात ते बरेचसे अमेरिकेतले. माझा आतेभाऊ फ्लोरिडाला असतो, तिथे कॉम्प्रिहेन्सिव्ह पॉलिसी असेल तर पुढच्या काचेला डिडक्टिबल लावायचाच नाही असा राज्याचा कायदा आहे, त्यामुळे तो दर वेळी मला सांगतो फोन कर, बदलून देतील. त्यांचं ते त्यांच्याकडे.

आता तुमचं. तुम्ही लिहिलंय नारायणगावच्या पुढे खडा लागला, तडा वीतभर आहे, वर्कशॉपने ९,००० सांगितलेत, चार वर्षांची १२०० सीसीची गाडी, एनसीबी ३५, ओडी साधारण ६,०००. ३५ ला १२० टक्के, म्हणजे ७,२००, जीएसटीसकट ८,४९६. नऊ हजारांच्या बिलात डिडक्टिबल, बिडिंग, सीलंट जाऊन तुमच्या हातात सात हजार पडतील. मी असतो तर क्लेम केला नसता, बाहेर दोन-तीन ठिकाणी भाव विचारला असता, कोपऱ्यात आयएसआयचा शिक्का असलेली लॅमिनेटेड काच मागितली असती आणि रोख देऊन मोकळा झालो असतो. एजंटने आधीच क्लेम नोंदवून ठेवला असेल तर पैसे घेण्याआधी कंपनीला मेल करून तो मागे घ्या आणि मागे घेतल्याचं उत्तर जपून ठेवा, रिन्यूअलला एनसीबीवरून वाद झाला तर तेच दाखवायचंय.

वीतभर तडा आहे म्हणताय तर फार दिवस काढू नका, खड्ड्यात एकदा आपटली की पूर्ण आडवा जाईल. आणि हो, जुन्या काचेवरचा फास्टॅग काढताना फाटतोच, तो पुन्हा चिकटवून चालत नाही, बँकेकडून आधीच नवा मागवून ठेवा. मी विसरलो होतो आणि घोटी टोलला डबल भरले.