चिटाचे पडदे आणि इंग्रजांची शेजघरे

प्रश्न : आमच्या तीन पिढ्या चादरीच्या मागावर गेल्या. परवा नातीने विचारले, की इंग्रजांनी आपल्याला चहा, कपबशी, खिडकीचे पडदे आणि गिरणीचे कापड दिले, तर आपण त्यांना काय दिले? मला ‘कापूस आणि नीळ’ एवढेच सांगता आले. कच्च्या मालापलीकडे आपल्याकडच्या तयार वस्तूंनी इंग्रजांच्या घरात खरोखर काही फरक पडला होता काय?
— एक वाचक, साखर पेठ, सोलापूर

उत्तर : फरक पडला होता, आणि तो दरबारापेक्षा त्यांच्या शेजघरात अधिक पडला. नातीला आपण ‘तयार कापड’ असे उत्तर द्यावे, कारण इंग्रजांच्या घराचे रूप पालटले ते आपल्याकडच्या छापील आणि रंगवलेल्या सुती कापडाने, म्हणजे आपण ज्याला चीट म्हणतो त्याने. इंग्रजीतला ‘चिंट्झ’ हा शब्द याच चिटापासून झालेला आहे.

ईस्ट इंडिया कंपनीला ३१ डिसेंबर १६०० रोजी सनद मिळाली, तेव्हा तिचे लक्ष मिरी आणि मसाल्यांवर होते. त्या काळचा इंग्रज माणूस लोकर वापरी, नाही तर जवसाच्या खोडापासून काढलेल्या धाग्याचे लिनन. लोकर वारंवार धुता येत नाही; लिनन धुता येते, पण त्यावर गडद आणि टिकाऊ रंग सहजी चढत नाही. रेशीम श्रीमंतांपुरते होते. अशा घरात हलके, फुलापानांनी भरलेले आणि कितीही धुतले तरी रंग न सोडणारे कापड पहिल्यांदा आले, तेव्हा घर सांभाळणाऱ्या बाईला काय वाटले असेल, हे सोलापूरकरांना वेगळे सांगायला नको.

रंग पक्का का राहत असे, हे इथे सांगितलेच पाहिजे, कारण सगळी किमया तिथेच आहे आणि इतिहासाच्या पुस्तकांत तिला दोन ओळींपलीकडे जागा मिळत नाही. आंध्रातल्या मच्छलीपट्टणच्या किनाऱ्यावरचे कारागीर कापड आधी हिरडा आणि म्हशीच्या दुधात भिजवून वाळवीत. मग जिथे तांबडा रंग हवा तिथे तुरटीचे पाणी, आणि जिथे काळी रेघ हवी तिथे लोखंडाचे आंबवलेले पाणी कलमाने लावीत. पुढे सबंध कापड रंगाच्या मुळ्यांच्या काढ्यात उकळले, की तुरटी लागलेली जागा तेवढी तांबडा रंग धरी आणि उरलेली जागा उन्हात धुऊन धुऊन पुन्हा पांढरी करता येई. निळ्यासाठी बाकीचे कापड मेणाने झाकून ते निळीच्या पिंपात बुडवावे लागे. ही हातोटी युरोपातल्या रंगाऱ्यांकडे नव्हती. १७४२ मध्येसुद्धा केर्दू नावाच्या फ्रेंच पाद्र्याने इथल्या कारागिरांकडून ती कृती समजून घेऊन पत्रातून मायदेशी कळवली होती. इंग्रजांनी हे कापड स्वस्ताईसाठी घेतले असे जे सांगितले जाते, ते म्हणूनच मला अपुरे वाटते.

आवड मात्र एकतर्फी नव्हती. १६४३ मध्ये कंपनीच्या संचालकांनी सुरतेला कळवले, की तांबड्या जमिनीच्या रजया इंग्लंडात फारशा चालत नाहीत, तेव्हा यापुढे पांढरी जमीन अधिक ठेवून तिच्यावर रंगीत फुले आणि फांद्या काढून पाठवाव्यात. ज्याला पुढे खास इंग्रजी फुलांची नक्षी मानले गेले, ती अशी मागणी आणि आपल्या कारागिरांचा हात यांच्या मेळातून घडत गेली. १६६३ च्या सप्टेंबरात सॅम्युअल पीप्स या लंडनच्या सरकारी अधिकाऱ्याने बायकोच्या नव्या खोलीच्या भिंती मढवण्यासाठी चीट विकत घेतल्याची नोंद आपल्या रोजनिशीत केली आहे. तीन वर्षांनी त्याने स्वतःचे चित्र काढून घेतले तेही भाड्याने आणलेला हिंदी झगा अंगावर घालून. घरात सैलसर झगा घालून बसण्याची ही चाल पुढे प्रतिष्ठित पुरुषांत रूढ झाली आणि त्या झग्याला ते ‘बनियन’ म्हणू लागले. हा शब्द आपल्या वाण्या-बनियांवरून गेलेला आहे.

१७०८ मध्ये इंग्रज लेखक डॅनियल डीफो यांनी तक्रार केली, की पूर्वी जमिनीवर अंथरले जाणारे चीट आता बायकांच्या अंगावर चढले आहे, आणि पडदे, उशा, खुर्च्या करीत करीत ते थेट पलंगापर्यंत पोहोचले आहे. तोवर कायदा झालेला होता. १७०० च्या कायद्याने हिंदुस्थान, इराण आणि चीनमधून येणाऱ्या छापील व रंगीत सुती कापडाला मज्जाव केला. पांढरे कापड मात्र येऊ दिले, आणि त्यामुळे लंडनमध्येच छपाईचे कारखाने निघाले. १७१९ मध्ये लंडनमधल्या स्पिटलफील्ड्सच्या विणकरांनी रस्त्यात चिटाचे कपडे घातलेल्या बायकांना गाठून ते फाडले, त्यांच्यावर शाई आणि तेजाबही फेकले. मागावर पोट असलेल्या माणसाला बाहेरचे कापड येऊन हात रिकामे होण्याची भीती कळते आणि त्या विणकरांची हलाखी मला नाकारायची नाही. पण त्यांनी राग काढला तो वाटेने जाणाऱ्या बायकांवर, आणि त्याचे समर्थन करता येत नाही. १७२१ च्या कायद्याने तर छापील सुती कापड अंगावर घालायला आणि घरात पडद्या-पलंगपोसाला वापरायलाही बंदी झाली.

ही बंदी मनापासून कुणी पाळली नाही. प्रसिद्ध नट डेव्हिड गॅरिक यांच्या पत्नीला कलकत्त्याच्या इंग्रज व्यापाऱ्यांनी मच्छलीपट्टणच्या चिटाचे पलंगाचे पडदे भेट पाठवले होते, ते १७७५ मध्ये जकात अधिकाऱ्यांनी जप्त केले. आज तो पलंग लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयात आहे. आपल्या सोलापुरातल्या पूर्व भागातल्या अनेक पद्मशाली विणकर घरांचे मूळ तेलुगू मुलुखात आहे, म्हणून हा पलंग सोलापूरकरांनी विशेष आपुलकीने पाहावा असे मला वाटते.

आता गिरणीच्या कापडाविषयी. इंग्लंडमधल्या सुताला बराच काळ ताण्याचा, म्हणजे मागावरच्या उभ्या धाग्यांचा, जोर सोसत नसे, म्हणून तिथे ताणा लिननचा आणि बाणा, म्हणजे आडवा धागा, सुताचा घालीत. १७६९ मध्ये आर्कराइट यांनी पेटंट घेतलेल्या, पाण्यावर चालणाऱ्या यंत्राने ताण्याजोगे घट्ट सूत निघू लागले, आणि १७७४ मध्ये तिथे विणलेल्या सुती कापडावरची बंदी उठली. लोकांना सुताची गोडी लागली होती ती आपल्या कापडाने, आणि त्या गोडीला पुरे पडण्यासाठी यंत्रे आली. त्या यंत्रांचे कापड पुढे आपल्याच विणकरांच्या मुळावर आले, हेही नातीला सांगावे.

प्रश्न : माझ्या सासूबाई अजून बशीत ओतून चहा पितात आणि मुले त्यांना हसतात. कपबशी इंग्रजांची, मग ते लोक बशीतून पीत नव्हते काय?
— एक भगिनी, होटगी रस्ता, सोलापूर

उत्तर : पीत होते. अठराव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये बशीत चहा ओतून पिणे ही नेहमीची गोष्ट होती. शिवाय कपबशी मुळात इंग्रजांची नाही. चिनी मातीची भांडी चहाच्याच जहाजांतून येत. ती पाण्याने खराब होत नाहीत म्हणून जहाजाच्या तळाशी, वजनासाठी भरली जात आणि चहाच्या पेट्या त्यांच्या वर राहत. त्या पेल्यांना कान नव्हते. कान इंग्रजांनी आपल्या सोयीसाठी लावले. पीप्स यांनी ‘चीनचे पेय’ म्हणून चहाचा पहिला पेला घेतला तो १६६० मध्ये. पोर्तुगालची राजकन्या कॅथरीन १६६२ मध्ये इंग्लंडच्या राजाची राणी झाली, तीही चहाची शौकीन होती. तिच्याच लग्नाच्या करारात मुंबई इंग्रजांकडे गेली.

कॉफीची दुकाने पुरुषांची होती, तर चहा घरात, बाईच्या हाताखाली आला, आणि चहाची पेटी कुलूपबंद ठेवून किल्ली घरधनिणीने बाळगण्याची रीत पडली, कारण चहा फार महाग होता. १७८४ मध्ये त्यावरचा कर शेकडा ११९ वरून साडेबारावर आल्यावर तो सामान्य घरांत सर्रास पोहोचला. त्यात पडणारी साखर मात्र वेस्ट इंडीजच्या मळ्यांत गुलाम आफ्रिकी माणसांनी पिकवलेली असे. त्या कपाची गोष्ट सांगताना ती माणसे वगळू नयेत. सासूबाईंना बशीतून निःशंक पिऊ द्यावे.

प्रश्न : आपल्या कोयरीला इंग्रजीत ‘पेस्ली’ का म्हणतात?
— एक विद्यार्थी, सोलापूर

उत्तर : पेस्ली हे स्कॉटलंडमधले विणकरांचे गाव आहे. काश्मिरी शालींवरची कोयरी इंग्रज स्त्रियांना इतकी आवडली, की एकोणिसाव्या शतकाच्या आरंभापासून तिथले विणकर तशा शालींची नक्कल मागावर काढू लागले. काश्मिरात एका शालीला महिनोन्‌महिने लागत. पेस्लीत पुढे जॅकार्डच्या जोडीने, म्हणजे आपल्या चादरीवर नक्षी उठवणाऱ्या त्याच युक्तीने, त्या भराभर निघू लागल्या. १८७० नंतर बायकांच्या झग्यांना मागच्या बाजूला फुगवटा आला, त्यावर शाल नीट बसेना, आणि पेस्लीचा तो धंदा बसला. नक्षीला गावाचे नाव मात्र तसेच चिकटून राहिले.