फोन माझा, पण लॉक जुन्या मालकाचं

प्रश्न: मी तारकर्लीला न्याहारी-निवास चालवते. जानेवारीत कुडाळच्या एका दुकानातून साडेअकरा हजारांना जुना अँड्रॉइड फोन घेतला, पैसे यूपीआयने दिले. "यात जीमेल टाकलेलाच आहे, प्ले स्टोअर चालू आहे, तुम्हाला काही करायला नको," असं दुकानदार म्हणाला, म्हणून तसाच वापरला. मे महिन्यात भाच्याने पॅटर्न बदलला आणि विसरला. मग त्यानेच कडेची बटणं दाबून फोन फॅक्टरी रिसेट केला. आता फोन आधीचं गुगल खातं मागतोय. दुकानदार चिठ्ठीवरचं "एकदा विकलेला माल परत घेतला जाणार नाही" दाखवतो आणि "गणपतीत आलेल्या चाकरमान्याने विकला होता, मला काय माहीत" म्हणतो. मालवणात एक जण दीड हजारात लॉक तोडून देतो म्हणाला. तोडून घेतलं तर गुन्हा होतो का? फोन चोरीचा निघाला तर मला धरतील का?

उत्तर: ताई, दीड हजारांची घाई करू नका. पडद्यावरचं ते लॉक या घडीला तुमचा सगळ्यात चांगला साक्षीदार आहे, आणि साक्ष व्हायच्या आधी साक्षीदाराला कोणी घालवत नाही.

आधी हे लॉक आहे काय ते बघू. अँड्रॉइडमध्ये ते २०१५ साली ५.१ आवृत्तीपासून आलं. सेटिंग्जमध्ये जाऊन रिसेट केलं तर फोन आधी पिन किंवा पॅटर्न विचारतो, म्हणजे समोरचा मालकच आहे असं धरून पुढे अडवत नाही. बटणं दाबून बाहेरून रिसेट केलं तर मात्र त्याला चोराचा संशय येतो आणि तो आधीचं खातं मागतो. चोर कोण आणि भाचा कोण, हे त्याला कळत नाही. पण दुकानदाराने विकण्यापूर्वी जुनं खातं काढून टाकलं असतं, तर हा प्रश्न आलाच नसता. तुमची सगळी केस या एका वाक्यात आहे.

आता गुन्ह्याचं. "हे लॉक तोडणं गुन्हा आहे" असं सरळ सांगणारं कलम नाही. माहिती तंत्रज्ञान कायद्याची कलमं ४३ आणि ६६ एकत्र वाचली तर मालकाची किंवा ताबा असलेल्याची परवानगी नसावी लागते, शिवाय हेतू अप्रामाणिक असावा लागतो. उघड दुकानातून, पैसे मोजून घेतलेल्या फोनचं लॉक स्वतः काढण्यात तसा हेतू शोधूनही सापडायचा नाही. पण हे सगळं "फोन कायद्याने तुमचा आहे" या पायावर उभं आहे, आणि तो पाया अजून कोणी तपासलेला नाही. त्यातच लॉक तोडणारा "आयएमईआय (म्हणजे प्रत्येक फोनचा स्वतःचा ओळख क्रमांक) पण बदलून देतो" म्हणाला, तर त्याच पावली परत फिरा. दूरसंचार कायदा २०२३ च्या कलम ४२ खाली असा क्रमांक बदलण्याबद्दल तीन वर्षांपर्यंत कैद, ५० लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं.

पाया तपासायला पैसे लागत नाहीत. लॉक पडलेल्या फोनवरही इमर्जन्सी कॉलचं बटण असतं. तिथे स्टार, हॅश, शून्य, सहा, हॅश दाबलं की बहुतेक फोन पंधरा आकडी आयएमईआय दाखवतात. नाही दाखवला तर खोक्यावर किंवा चिठ्ठीवर बघा. दुसऱ्या फोनवरून केवायएम ही तीन इंग्रजी अक्षरं, मग जागा सोडून तो आकडा, असा एसएमएस १४४२२ वर पाठवा. सरकारच्या संचार साथी पोर्टलवरही बघता येतं. उत्तरात फोन ब्लॅकलिस्टेड आला तर विषय संपला, तो कोणीतरी हरवला किंवा चोरीला गेला म्हणून नोंदवलेला आहे. काही वावगं आलं नाही तर एवढंच कळेल की अजून कोणी बंद केलेला नाही. ज्याने तक्रारच केली नाही त्याचा फोन तिथे दिसणार नाही. उत्तर हाती येईपर्यंत त्यात तुमचं सिम घालू नका, कारण चोरीच्या नोंदी असलेला फोन पोलीस त्यात चालू झालेल्या सिमवरूनच शोधतात.

चोरीचा निघाला तरी घाबरायचं कारण नाही. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१७ ला आणि माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या ६६ब ला "चोरीचा आहे हे माहीत असून, किंवा तसं मानायला कारण असूनही, अप्रामाणिकपणे घेतला" हे सिद्ध व्हावं लागतं. यूपीआयची नोंद आणि दुकानाची चिठ्ठी असलेल्या बाईवर ते सहज चिकटत नाही. पण कळल्यानंतरही वापरत राहिलात तर मी तुमची बाजू इतक्या सहज मांडू शकणार नाही. फोन चोरीचा निघाला तर तो दुकानदाराला परत देऊ नका. त्याने तो उद्या दुसऱ्याला विकला तर तुमच्या हाती काय उरलं? पोलीस ठाण्यात लेखी अर्जासह जमा करा, पोच घ्या. फोन खऱ्या मालकाकडे जाईल, तुमचे पैसे दुकानदाराकडून मागायचे.

आणि फोन चोरीचा नसला तरी दुकानदार सुटत नाही. माल विक्री कायदा १९३० च्या कलम १४ नुसार विकणाऱ्याला विकण्याचा हक्क असावा लागतो आणि घेणाऱ्याला माल निर्धास्त वापरता यावा लागतो. चिठ्ठीवरच्या छापील ओळीने ही जबाबदारी धुऊन निघत नाही. "न्याहारी-निवासासाठी घेतला म्हणजे धंद्यासाठी, तुम्ही ग्राहकच नाही" असं तो म्हणेल. स्वतः राबून पोट भरण्यासाठी घेतलेली वस्तू ग्राहक संरक्षण कायदा २०१९ मध्ये त्या अपवादात बसत नाही. भाच्याच्या उद्योगाकडे तो बोट दाखवणारच, आणि तिथे थोडं तथ्यही आहे. म्हणून चार महिने वापरल्याचे काही पैसे सोडून बाकीचे मागा. साडेअकरा हजारांसाठी अडून बसण्यापेक्षा आठ-नऊ हजारांत मिटलं तर मिटवा, असं माझं मत.

नोटीस साध्या मराठीत, तुमच्याच सहीने चालेल: खरेदीची तारीख, रक्कम, आयएमईआय, "जुनं खातं न काढता फोन विकलात", आणि पंधरा दिवसांत एकतर जुन्या मालकाकडून लॉक काढून द्या नाहीतर पैसे परत करा. सोबत, फोन कोणाकडून घेतला त्याचं नाव आणि कागद मागा. स्पीड पोस्टाने पाठवा. त्याआधी लॉकचा पडदा आणि आयएमईआय एकाच व्हिडिओत घेऊन ठेवा. दाद नाही मिळाली तर १९१५ ही ग्राहक हेल्पलाइन आहे, आणि ओरोसला जिल्हा ग्राहक आयोग आहे. पाच लाखांपर्यंतच्या मालाला तिथे फी नाही, वकील लावायची सक्ती नाही, मुदत दोन वर्षांची.

तो चाकरमानी सापडला तर सगळ्यांचंच काम सोपं. पासवर्ड किंवा ओटीपी फोनवर मागू नका, त्यानेही देऊ नये. पुढच्या खेपेला गावी आला की त्याने स्वतःच्या हाताने फोनवर टाकावा, सेटिंग्जमधून खातं काढावं, मग तुमचं घालावं. त्याने नुकताच पासवर्ड बदलला असेल तर चोवीस तास थांबावं लागतं.

मला याहून जास्त काळजी वाटते ती दुसऱ्याच गोष्टीची. पाहुणे आले की तुम्ही त्यांच्या आधारकार्डाचे फोटो याच फोनवर काढत असणार. फोटोंचा बॅकअप चालू असेल तर ते चार महिने त्या अनोळखी माणसाच्या गुगल खात्यात जाऊन पडले आहेत, आणि फोन रिसेट केल्याने तिथले पुसले गेलेले नाहीत. त्याचा पत्ता लागल्यावर लॉकच्या आधी हे विचारा. फोटो असले तर काढून टाकायला सांगा आणि "काढले" असं मेसेजवर लिहून घ्या. तो मेसेज नोटिशीच्या प्रतीसोबत जपून ठेवा.