एलायझा फ्रेझर वाचायला घेतेस तर

जहाजफुटीच्या आणि बंदिवासाच्या कहाण्या वाचायला लागलीस, फार बरं वाटलं. एक सांगते: पहिलीच हकिगत खरी धरून पुढे जाऊ नकोस.

एलायझाचंच बघ. १८३६च्या मे महिन्यात 'स्टर्लिंग कॅसल' हे जहाज ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरिअर रीफवर फुटलं. होडीतून ती बुचुल्ला या तिथल्या आदिवासी लोकांच्या बेटावर पोचली. तिचा नवरा, कॅप्टन जेम्स फ्रेझर, तिथेच वारला. ऑगस्टमध्ये तिची सुटका झाली. लंडनला पोचल्यावर तिने लॉर्ड मेयरकडे मदत मागितली. सिडनीत वर्गणी मिळाली होती, दुसरं लग्नही झालं होतं, हे मात्र तिने सांगितलं नव्हतं. म्हणून प्रत्येक जबानीवर आधी तारीख बघ, मग ती कुणापुढे दिली ते बघ. ऐकणारा बदलला की छळाची वर्णनं वाढत जातात.

आता तपशिलाकडे ये. बायकांनी तिच्या अंगाला कोळसा आणि चरबी फासली, हे छळ म्हणून सांगितलं जातं. पण उन्हाने सोललेल्या कातडीवर चरबी कशासाठी लावतात? अशा ओळीपाशी थांब, दोनदा वाच. मला तर तिथे शुश्रूषाच दिसते.

तिला बाहेर काढणारा जॉन ग्रॅहम हा कैदी होता. तो आधी पळून जाऊन त्याच भागातल्या आदिवासींमध्ये राहिला होता, त्यांची भाषा जाणत होता. त्याचा भाग घाईने उरकू नकोस.

आणि बुचुल्लांचं म्हणणं शोधच. बेटाला फ्रेझरचं नाव पडलं होतं. २०२३मध्ये 'कगारी' हे त्यांचं नाव अधिकृतपणे परत आलं.