वाचक विचारतात : हाय हाय पफी अमीयुमी

प्रश्न : माझी मुलगी हे जुनं कार्टून आवडीने बघते. त्यातल्या अमी आणि युमी खरंच आहेत का? आवाज त्यांचेच आहेत का?

उत्तर : आहेत. अमी ओनुकी आणि युमी योशिमुरा या जपानी गायिकांची ‘पफी’ ही जोडी 1996 पासून गाते आहे. कार्टून नेटवर्कवर ही मालिका 2004 मध्ये सुरू झाली, ती सॅम रेजिस्टर यांच्या कल्पनेतून. पण कार्टूनमधल्या मुलींचं बोलणं या दोघींचं नाही. अमीला आवाज दिलाय जॅनिस कावाये यांनी, युमीला ग्रे डीलायल यांनी. शीर्षकगीत मात्र पफीचंच. खऱ्या दोघी बघायच्या असतील तर भागाची सुरुवात आणि शेवट पळवू नका. कॅमेऱ्यासमोरचे त्यांचे छोटे, मुद्दाम वेडगळ तुकडे तिथेच असतात.

बाकी गोष्टींत चरित्र शोधू नये. गुलाबी केसांची गोडगोड अमी आणि जांभळ्या केसांची तिरकस युमी ही चित्रकारांची सोय आहे : एक हो म्हणणारी, एक नाक मुरडणारी, की सात-आठ मिनिटांची गोष्ट लगेच पळायला लागते. पैशांवर डोळा असलेला मॅनेजर काझसुद्धा त्याचसाठी. मालिका आली तेव्हा खऱ्या दोघी तिशीच्या आसपास होत्या, कार्टूनमध्ये मात्र त्या कोवळ्या पोरी दिसतात.

प्रश्न : ‘पफी’ शोधलं की भलतंच काहीतरी येतं. असं का?

उत्तर : अमेरिकेत ‘पफी’ म्हटलं की लोकांना ‘पफ डॅडी’ म्हणून ओळखले जाणारे रॅपर शॉन कोम्ब्ज आठवायचे, म्हणून तिथे जोडीचं नाव ‘पफी अमीयुमी’ झालं. जपानमध्ये नुसतं ‘पफी’च. त्यामुळे शोधताना पूर्ण नाव टाका, किंवा थेट गाण्याचं.

प्रश्न : कार्टूनपलीकडे त्यांचं काय ऐकवावं?

उत्तर : पहिलं गाणं ‘एशिया नो जुन्शिन’ (1996). शब्द योसुई इनोउए यांचे, संगीत तामिओ ओकुदा यांचं. शब्द कळले नाहीत तरी चाल पोरं लगेच उचलतात. मग ‘टीन टायटन्स’ या दुसऱ्या कार्टूनचं शीर्षकगीत लावा, तेही यांचंच, अँडी स्टर्मर यांनी लिहिलेलं. त्याच्या इंग्रजी आणि जपानी अशा दोन आवृत्त्या आहेत. जपानी वाजली तर त्या दिवशीचा भाग बहुधा विनोदी निघतो, हे मुलीला आधीच सांगू नका. तिलाच ओळखू द्या.